शेवाळाची डॉक्टरीण

चिखलात शिरण्याआधी बूट धुणारी बाई मी आयुष्यात एकच पाहिली. चिखलातून बाहेर आल्यावर सगळेच धुतात. ही आत जाण्याआधी धुवायची. गाडीची डिकी उघडून तिच्या कडेवर बसायची, एकेक बूट मांडीवर घ्यायची, कॅनमधलं पाणी ओतून ब्रशने घासायची आणि तळव्याच्या खाचांत अडकलेली माती काडीने कोरून काढायची. एवढं करून मग गुडघाभर दलदलीत जायची.

मी तेव्हा मुलाकडे नवीनच आले होते. मुलगा आणि सून रेवती दोघंही एडिनबराला नोकरीला. घर तिथून ट्रेनने अर्ध्या तासावर, एका नव्या वसाहतीत. वसाहत संपली की कुंपण, आणि कुंपणापलीकडे ओसाड, तपकिरी, ओली जमीन. दिवसभर रिकाम्या घरात बसून काय करायचं? मी साडीवर मुलाचं जाकीट चढवायची, पायात रेवतीचे जुने बूट घालायची आणि फिरायला निघायची. एका गुरुवारी ही बाई बूट घासताना दिसली. पांढरे आखूड केस, अंगात पँट, पण चेहरा आपल्याकडचा. इथे मराठी कोणाला कळणार, म्हणून मी मोठ्यानेच म्हणाले, "वेडी आहे का काय ही!"

तिने मान वर न करता उत्तर दिलं, "वेडी नाही, डॉक्टर आहे. आणि तुमच्या बुटांना बागेतली माती लागलीय. आत यायचं असेल तर आणा इकडे."

मी बूट काढून दिले. घासून परत देताना म्हणाल्या, "आत पेशंट आहे. बाहेरची घाण आत न्यायची नाही." कोण पेशंट, असं मी विचारलं. त्यांनी हात लांब करून ती सगळी तपकिरी जमीन दाखवली.

त्या मूळच्या नागपूरच्या. तरुणपणी इथल्या हॉस्पिटलात नोकरीला आल्या आणि इथेच म्हाताऱ्या झाल्या. नवरा वारला होता, मूलबाळ नव्हतं, आणि या दोन्हींबद्दल त्या बोलत नसत. मी त्यांना डॉक्टरीणबाई म्हणायची. आमच्याकडची मराठी मंडळी त्यांना मागून शेवाळबाई म्हणत. गणपतीला सगळे एखाद्या हॉलमध्ये जमतात, तिथे त्या हातात मोदक धरून समोरच्याला शेवाळाबद्दल सांगत उभ्या राहत आणि समोरचा सुटका शोधत असे. हसणाऱ्यांत मीही होते.

दलदल हा पेशंट आहे, हे त्यांनी एकदा ठरवलं ते कायमचं. जमिनीत जागोजागी प्लॅस्टिकच्या नळ्या उभ्या पुरलेल्या होत्या. दर गुरुवारी त्या एकेका नळीत बारीक रबरी नळी सोडत, तिचं वरचं टोक तोंडात धरत आणि फुंकत खाली नेत. बुडबुड असा आवाज आला की पाणी लागलं. मग रबरी नळीवरची खूण बघून आकडा लिहून घेत. "नाडी बरी आहे," असं म्हणत. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की तोंड वाकडं करून म्हणत, "आज ताप आहे." मला हसू यायचं. मी म्हणायची, "डॉक्टरीणबाई, जीभ काढून दाखवायला सांगा ना तिला." त्यावर म्हणायच्या, "तुम्ही आधी तुमची आत घ्या."

पीट हा शब्द त्यांनी पहिल्यांदा उच्चारला तेव्हा मला पीठ ऐकू आलं. "हे पीठ वाचवायचंय आपल्याला," असं मी ऐकलं आणि विचारलं, "कसलं? ज्वारीचं?" त्या इतक्या हसल्या की नळी तोंडातून पडली. पुढे कित्येक दिवस मला बघितलं की "आज किती दळून आणलंत?" असं विचारायच्या.

त्यांनी शिकवलं ते मी माझ्या भाषेत सांगते. ती जमीन मातीची नाही. हजारो वर्षं तिथे शेवाळ वाढलं आणि मेलं. पाण्यात बुडून राहिल्यामुळे ते कुजलं नाही, थरावर थर साचत गेला. तो साचलेला थर म्हणजे पीट. वर्षाला नखाच्या जाडीएवढा वाढतो, फार तर. मधोमध भाकरी फुगावी तशी ती जमीन आजूबाजूच्या शेतांपेक्षा उंच होते. ओढ्याचं पाणी एवढ्या वर चढत नाही. जे मिळतं ते आभाळातून, आणि पावसाच्या पाण्यात खायला काय असतं? त्यामुळे तिथे जगतं ते सगळं अर्धपोटी जगतं. लोकांनी नाले खणून पाणी काढलं, पीट कापून चुलीत जाळलं, पुढे पिशव्यांत भरून विकलं. पाणी उतरलं की पीट वाळतं आणि वाळलं की हवेत विरून जातं. हजारो वर्षं दाबून ठेवलेला धूर पुन्हा वर सुटतो, असं त्या म्हणत.

पिशव्यांवरून एकदा माझीच पंचाईत झाली. मी मागच्या अंगणात मेथी आणि कोथिंबीर लावली होती. दुकानातून आणलेली काळी भुसभुशीत माती, बोटं घातली की आत जावीत अशी. डॉक्टरीणबाई चहाला आल्या, वाकल्या, चिमूटभर माती चोळून बघितली आणि रेवतीला म्हणाल्या, "पिशवी कुठाय? वाच बरं पाठीमागचं." रेवतीने वाचलं. पिशवीत निम्म्याहून जास्त पीट होतं. "वत्सलाबाई," डॉक्टरीणबाई मला म्हणाल्या, "तुमच्या मेथीखाली माझा पेशंट आहे." मेथीचे पराठे मात्र त्यांनी तीन खाल्ले. "मेलेल्याचा काय राग धरायचा," म्हणाल्या.

आत गेलं की त्या चालताना बोलत नसत. बसल्या की बोलत. एकदा त्यांनी मला गुडघ्यावर बसवून एक तांबडं, रुपयाएवढं झाड दाखवलं. पानांवर केस आणि प्रत्येक केसावर चिकट थेंब. एक चिलट अडकलं होतं. मी म्हटलं, "हे तर आमच्या सड्यावर येतं." पाटणकडे आमच्या गावाच्या वर कातळाचं पठार आहे, पावसाळ्यात मी तिथे म्हशी वळायची. डॉक्टरीणबाई माझ्याकडे बघतच राहिल्या. "तुम्हाला माहीत आहे हे?"

"माहीत म्हणजे? म्हशी खायच्या नाहीत, एवढं माहीत आहे."

"ते माश्या का खातं, विचारलंत कधी?"

"भूक लागत असेल."

"शंभर मार्क," त्या म्हणाल्या. "जमिनीत काही नाही, म्हणून हवेतलं खातं. शेवाळ तेवढंही खात नाही. त्याचा जन्माचा उपास आहे, वत्सलाबाई."

हा शब्द त्यांनी मला समजावा म्हणून वापरला. त्यात त्यांची चूक नव्हती. पण उपास म्हटलं की त्यांच्या मनात एक होतं आणि माझ्या मनात दुसरं. मी लहानपणापासून उपास धरत आलेय. उपासाला साबुदाणा असतो, वरी असते, रताळं असतं. आणि मुख्य म्हणजे उपास सोडायचा असतो. एकादशी धरली की द्वादशीला पारणं. न सोडायचा उपास मला माहीतच नव्हता.

त्यांच्या पिशवीत दोन वह्या असत. एकीत आकडे. दुसरीत चुका. मी विचारलं, "चुका कशाला लिहून ठेवता?" म्हणाल्या, "बरोबर केलेलं लिहून काय करू? ते पेशंट सांगतोच." मग म्हणाल्या की नोकरीच्या पहिल्या वर्षी त्यांच्या हातून एकाला औषध जास्त दिलं गेलं. तो वाचला, म्हणून त्या बोलल्या नाहीत. महिनाभरात दुसऱ्या एका डॉक्टरने तेच औषध तसंच दिलं आणि तो पेशंट गेला. "मी बोलले असते तर गेला नसता. दाबलेली चूक आपल्या पेशंटला मारत नाही, ती पुढच्याला मारते." हे त्यांनी नळी फुंकता फुंकता सांगितलं, रडत वगैरे नाही. मी डबा उघडून त्यांना भाकरी दिली.

आता त्या वाफ्यांविषयी सांगायला हवं.

दलदलीचा एक भाग राखीव होता. डंकन नावाचा एक मोठ्या दाढीचा, अबोल माणूस तो सांभाळायचा. त्याने नाले अडवले होते, तिथे पाणी परत चढत होतं. उरलेला अर्धा भाग एका शेतकऱ्याचा. तिथलं पीट पूर्वी कापून नेलेलं, वर काही उगवत नसे, नुसती काळी उघडी जमीन. शेतकऱ्याने डंकनला सांगितलं होतं, "तिथे शेवाळ परत धरतंय असं मला दाखवा. दिसलं तर तो भाग तुम्ही सांभाळा. नाही तर मी नाले साफ करून मेंढ्यांसाठी गवत पेरतो." डॉक्टरीणबाईंनी तिथे चटईएवढे आठ वाफे केले. राखीव भागातून मूठमूठ शेवाळ आणून लावलं. तीन वर्षं त्या आठ चटयांपुढे त्या ओणव्या झाल्या. तिसऱ्या वर्षी शेवाळ वाफ्याच्या कडेने दोन बोटं पुढे सरकलं. त्या दिवशी त्यांनी मला मिठी मारली. मला ते आवडत नाही, पण मी मारू दिली. शरद ऋतूत शेतकरी बघायला येणार होता.

जूनमध्ये त्या घरातल्या जिन्यावर पडल्या आणि खुब्याचं हाड मोडलं. डंकनचा पाय एका जागी ठरत नसे. आणखी दोन दलदली त्याच्याकडे होत्या. हॉस्पिटलात मी भेटायला गेले तर गादीवरून मला म्हणाल्या, "ऐका. डंकनच्या झोपडीच्या मागे पावसाच्या पाण्याची टाकी आहे. पाऊस नसला तर त्यातलं पाणी झारीने द्यायचं. नळाचं नाही. दुसरं काही नाही. फक्त पावसाचं पाणी. म्हणा बरं."

"फक्त पावसाचं पाणी," मी म्हणाले.

तो उन्हाळा कोरडा गेला. मी रोज जायची. बूट धुऊन आत जायची, त्यात मी कधी कसूर केली नाही. पण पाणी देऊनही शेवाळ पांढरं पडायला लागलं. कोरड पडली की ते तसं पांढरं पडतं आणि पाऊस आला की पुन्हा हिरवं होतं, हे मला नंतर कळलं. तेव्हा मला दिसलं ते आजारी लेकरू. मी शेतकऱ्याची मुलगी. चौथीनंतर शाळा सुटली ती शेतातच. पिवळं पडलेलं रोप बघून मला गप्प बसता येत नाही.

आषाढातली एकादशी आली. मी उपास धरला. दुसऱ्या दिवशी सकाळी वरण-भात करून जेवले आणि मनात आलं, आपण जेवलो. मेथीसाठी आणलेलं कोंबडीखत होतं, ते बादलीत भिजवलं. शेजारी लाकडाची शेगडी पेटवतात, त्यांच्याकडची राख वाटीने मागून आणत असे, ती होती. आमच्याकडे वांग्यालाही राख घालतात, वेलालाही घालतात, त्याने कोणी मेलेलं मी पाहिलं नव्हतं. मी ते सगळं दलदलीत घेऊन गेले. आठही वाफ्यांना खताचं पाणी दिलं. वर दोन-दोन मुठी राख हलक्या हाताने पसरली. मला फार समाधान वाटलं, हे मी लपवत नाही.

दहा-बारा दिवसांत वाफे हिरवे झाले. मी फोन केला, "डॉक्टरीणबाई, हिरवंगार झालंय!"

"खरं सांगता?"

"डोळ्यांनी बघतेय."

"वत्सलाबाई, तुमच्या हाताला गुण आहे," त्या म्हणाल्या आणि त्यांनी लगेच डंकनला कळवलं. ते हिरवं शेवाळ नव्हतं. तो बुळबुळीत थर होता, डबक्यावर येतो तसला. ऑगस्टमध्ये तो काळा पडला. त्याखालचं शेवाळ हाताला लागलं की चिखलासारखं सुटत होतं. सप्टेंबरात तिथे गवत आलं, बर्चच्या झाडांची बारीक रोपं आली. तेव्हा मला कळलं की हे माझ्याने झालंय. कळलं आणि मी बोलले नाही.

ऑक्टोबरात शेतकरी आला. डॉक्टरीणबाई दोन काठ्यांवर आल्या. बूट धुताना त्यांना वाकता येईना, म्हणून मी त्यांचे बूट धुतले. त्या पहिल्या वाफ्यापाशी उभ्या राहिल्या, मग दुसऱ्या, मग आठही बघितले. शेतकऱ्याने खांदे उडवले आणि डंकनशी दोन वाक्यं बोलून निघून गेला. परतताना डॉक्टरीणबाईंनी गाडीत बसून चुकांची वही काढली. मराठीत लिहिलं आणि मला वाचून दाखवलं: "इथल्या पीटवर शेवाळ धरत नाही. मी तीन वर्षं उगाच आशा लावली. सगळ्यांचा वेळ घालवला." वही मिटली आणि म्हणाल्या, "म्हातारपणी माणूस हट्टी होतो हो. कोणी सांगायलाही नसतं." मी शेजारच्या सीटवर बसले होते.

तेव्हा तरी बोलायला हवं होतं. मी का बोलले नाही, याची कारणं मला माहीत आहेत आणि त्यातलं एकही चांगलं नाही. मुलाच्या घरात राहतेय, उद्या लोक म्हणतील अमक्याच्या आईने वाट लावली. डॉक्टरीणबाई मला पुन्हा आत नेणार नाहीत. आणि त्यांनी "हाताला गुण" म्हटलं होतं, ते मला परत द्यायचं नव्हतं.

जानेवारीत त्यांच्या छातीत कफ झाला. हॉस्पिटलात ठेवलं, नाकात ऑक्सिजनची नळी. फेब्रुवारीतल्या एका दुपारी मी डबा घेऊन गेले. त्या खिडकीकडे बघत म्हणाल्या, "मार्चमध्ये तो शेतकरी नाले खणायला डिगर आणणार. मला वाटतं मी आयुष्यात एवढी कशातच चुकले नसेन." मला ते ऐकवेना. मी डबा खाली ठेवला आणि म्हणाले, "डॉक्टरीणबाई, वाफ्यांना मी खत घातलं होतं."

"काय घातलं?"

"कोंबडीखताचं पाणी. आणि राख."

इतकी वर्षं इथे राहिलेली बाई, पण तोंडातून निघालं ते नागपूरचं. "काहून? काहून घातलं, बाप्पा?"

"पांढरं पडलं होतं. उपाशी वाटलं मला."

"तीन शब्द होते! फक्त पावसाचं पाणी! तुमच्याकडून म्हणवून घेतलं होतं मी!" त्यांना धाप लागली. मी पाणी पुढे केलं, त्यांनी पेला ढकलला. मग डोळे मिटले, आणि उघडले तेव्हा त्या पुन्हा डॉक्टर झाल्या होत्या.

"राख लाकडाची की कोळशाची?"

"लाकडाची."

"किती?"

"वाफ्याला दोन मुठी."

"आठही वाफ्यांना? एकही सोडला नाही?"

"पंगतीत कोणाला कसं वगळायचं?"

"कधी घातलं? तारीख?"

"तारीख नाही माहीत. एकादशीच्या दुसऱ्या दिवशी."

त्यांच्या लक्षात यायला क्षणभर लागला. मग त्या हसायला लागल्या. "पारणं! अहो, शेवाळाचं पारणं केलंत तुम्ही!" हसता हसता खोकला आला, नर्स धावत आली, त्यांनी तिला हातानेच परत पाठवलं. आणि मग त्यांचा चेहरा असा काही उजळला की मला तिकडे बघवेना. "म्हणजे लागलं होतं! दोन बोटं सरकलं होतं ते खरं होतं. पीट चांगलं आहे. मी चुकले नव्हते."

मला वाटलं होतं त्या मला हाकलतील. हाकललं असतं तर मी सुटले असते. त्या आनंदल्या, आणि चार महिने मी त्यांना कशाशिवाय ठेवलं होतं, हे मला तेव्हा दिसलं.

"डंकनला सांगा," त्या म्हणाल्या. "आजच. अजून महिना आहे. तो शेतकऱ्याला समजावेल, वर्षभर थांब म्हणेल."

"तुम्हीच फोन करा ना."

"नाही. किती, कुठे, कधी, हे तो विचारेल. तुम्हीच सांगायचं. रेवतीला न्या."

मी हो म्हटलं. त्या दिवशी रेवतीला ऑफिसातून यायला उशीर झाला. दुसऱ्या दिवशी तिचं डोकं दुखत होतं. तिसऱ्या दिवशी मला कारणही लागलं नाही. पुढच्या गुरुवारी मी एकटीच डंकनच्या झोपडीवर गेले. मोडक्यातोडक्या इंग्रजीत सांगायचं ठरवून गेले होते. वाटेत शब्द जुळवले होते. त्याने दार उघडलं, "हॅलो, वत्सला," म्हणाला, आणि मी पिशवीतून चकल्यांचा डबा काढून त्याच्या हातात दिला. त्याने एक खाल्ली, अंगठा वर केला. मी घरी आले.

शनिवारी हॉस्पिटलात गेले. डॉक्टरीणबाई फार थकल्या होत्या. मला बघताच विचारलं, "सांगितलंत?"

"हो," मी म्हणाले.

"काय म्हणाला?"

"म्हणाला, शेतकऱ्याशी बोलतो."

"रागावला?"

"नाही."

"चांगला माणूस आहे," त्या म्हणाल्या आणि डोळे मिटून पडून राहिल्या. मी त्यांचा हात धरून बसले. त्यांना वाटलं, धीर द्यायला धरलाय. मंगळवारी त्या गेल्या.

पुढे कोणी मला म्हणालं की शेवटी त्या अगदी शांत होत्या, चेहऱ्यावर समाधान होतं. ते समाधान मी खोटं बोलून दिलं होतं. एखादी बाई म्हणेल, मरणाऱ्याला बरं वाटलं ना, मग झालं. मी तसं म्हणत नाही. त्यांना बरं वाटावं म्हणून मी खोटं बोलले नव्हते. माझी लाज राहावी म्हणून बोलले होते.

अंत्यसंस्कारांनंतरही मी डंकनकडे गेले नाही. मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात डिगर आला. आमच्या वरच्या मजल्याच्या खिडकीतून दिसायचा. चार दिवसांत बुजलेले नाले उघडे झाले, काळं पाणी ओढ्याकडे वाहायला लागलं. मग गवत धरावं म्हणून ट्रॅक्टरने चुना टाकला. पांढरं धूळधूळ सगळं. शनिवार होता, रेवती घरी होती. मी तिला म्हटलं, "माझ्याबरोबर चल. मी बोलेन ते इंग्रजीत सांगायचं."

"आई, काय झालंय? आर यू ओके?"

"चल तू."

डंकन झोपडीत हत्यारं पुसत होता. मी बसले नाही. एकेक वाक्य बोलले, रेवती एकेक सांगत गेली. खत. राख. किती, कुठे, कधी. मध्येच रेवती मराठीत म्हणाली, "आई, तुम्ही सीरियसली मला हे कधी सांगितलं नाहीत?" मी म्हटलं, "आता सांगतेय." डंकनने हातातलं फडकं खाली ठेवलं. त्याने खिडकीतून तिकडे बघितलं, जिकडे ट्रॅक्टर चालला होता. मग त्याने हळू आवाजात रेवतीला काहीतरी विचारलं.

"तो विचारतोय," रेवती म्हणाली, "डॉक्टरांना हे कळलं होतं का?"

"कळलं होतं," मी म्हणाले. "मीच सांगितलं. वेळ होता तेव्हा त्यांनी मला याच्याकडे पाठवलं होतं. मी आले नाही. आणि आले होते असं त्यांना सांगितलं."

रेवतीने ते इंग्रजीत केलं नाही. "आई," ती म्हणाली, "हे नको ना सांगायला. एवढं पुरे आहे."

"सांग," मी म्हणाले. "आहे तसं सांग. काही गाळू नकोस."

तिने सांगितलं.